रंगांनी बोलणाऱ्यांचे ऐकावे कसे?

भोपाळच्या आनंद नगरात आम्ही काही मराठी मंडळी महिन्यातून एकदा एकत्र जमतो. कोणी काही लिहिले असेल तर ते वाचले जाते, त्यावर चर्चा होते, चहा होतो आणि चर्चा चहानंतरही चालू राहते. आमच्यापैकी बऱ्याच जणांचे वडील किंवा सासरे भेलच्या कारखान्यात नोकरीसाठी या शहरात आले आणि येथलेच झाले. गेल्या पावसाळ्यातील अशाच एका बैठकीत एका तरुण सभासदाने स्वतः लिहिलेली विज्ञानकथा वाचली. दूरच्या एका ग्रहावर काही जीव राहतात. त्यांना कंठ नाही, कान नाहीत. त्यांच्या सर्वांगावर रंग उमटतात आणि मावळतात. त्या रंगांतूनच ते विचार करतात आणि रंगांतूनच एकमेकांशी बोलतात. पृथ्वीवरून गेलेले प्रवासी त्यांना पाहून मोहून जातात, पुष्कळ छायाचित्रे घेतात आणि परत येऊन सांगतात की, ग्रह फार सुंदर आहे, पण तेथे बोलण्यासारखे कोणी नाही.

कथा सर्वांना आवडली. परंतु आमच्यातील एका ज्येष्ठ सभासदांनी तिच्या मुळावरच बोट ठेवले. संस्कृतचे अध्यापन करण्यात त्यांची हयात गेली आहे. ते म्हणाले, "कल्पना गोड आहे. पण रंगाने खूण होते, विचार होत नाही. शब्दाशिवाय ज्ञानच संभवत नाही, हे भर्तृहरी वाक्यपदीयात सांगून गेला आहे. तुझ्या त्या जीवांजवळ शब्द नाहीत, तेव्हा ते विचार करतात म्हणजे नेमके काय करतात?"

"मग काका, जन्मापासून ज्यांना ऐकू येत नाही त्यांचे काय?" तरुणाने विचारले.

"त्यांची खुणांची भाषा म्हणजे शब्दच की! हातांनी केलेले शब्द. तिला व्याकरण आहे, क्रम आहे. रंगाला काय आहे?"

तरुणाला उत्तर सुचले नाही. आम्हीही गप्प राहिलो. मात्र आमचे गप्प राहणे संमतीचे नव्हते. आमच्या घरी आमच्या मावशी राहतात. तीन वर्षांपूर्वी त्यांना पक्षाघाताचा झटका आला. उजवा हात दुबळा झाला आणि वाचा गेली. डॉक्टरांच्या भाषेत हा वाचाघात. एकच शब्द त्यांच्यापाशी उरला आहे : 'बरं'. भूक लागली तरी बरं, दुखले तरी बरं, दारी पाहुणा आला तरी बरं. मात्र रोज सकाळी त्या डाव्या हाताने उंबऱ्यापाशी रांगोळी काढतात आणि तिच्यात रंग भरतात. त्या रंगांत काही बोलणे आहे की नुसता हाताला विरंगुळा आहे, हे आम्हांला तीन वर्षांत कळलेले नाही. म्हणून त्या दिवशीचा वाद आमच्यापुरता दूरच्या ग्रहाचा राहिला नाही. तो आमच्या उंबऱ्यावर आला.

प्रथम त्या काल्पनिक जीवांकडेच नीट पाहू. आपले बोलणे काळात चालते. एक शब्द संपतो तेव्हा दुसरा येतो. 'राम वनात गेला नाही' या वाक्यात शेवटचा शब्द येईपर्यंत राम वनात गेलेलाच असतो. रंगांचे तसे नाही. अंगभर पसरलेला रंगांचा पट एकाच क्षणी समोर येतो, त्यात पहिले आणि शेवटचे असे काही नसते. कर्ता, कर्म आणि क्रियापद त्यांच्याकडे असलीच तर ती शेजारीशेजारी असणार, एकामागे एक नव्हे. मग प्रश्न पडतो की असे जीव 'नाही' कसे म्हणत असतील? लाल रंग दाखवता येतो. 'लाल नाही' हे कसे दाखवावे? निळा दाखवला तर ते 'निळा' झाले, 'लाल नाही' झाले नाही. 'काल होते, आज नाही', 'असते तर बरे झाले असते' या गोष्टी रंगांत कशा मांडाव्यात? ज्येष्ठ सभासदांच्या आक्षेपाचे खरे बळ या प्रश्नांत आहे. नकार, भूतकाळ आणि जर-तर यांच्यावाचून विचाराला पायच फुटत नाहीत.

पण यावर उपाय सुचत नाहीत असेही नाही. एखादा रंग उमटता उमटता मुद्दाम अर्धा सोडला, तर तो नकार होऊ शकेल. फिकट होत जाणारा रंग भूतकाळ होऊ शकेल. कडेला ठेवलेली रिकामी जागा 'असते तर' होऊ शकेल. आम्ही त्या भाषेचे व्याकरण लिहायला बसलेलो नाही. एवढेच म्हणायचे आहे की, ज्याची कल्पना आपल्याला करता येत नाही ते अशक्य असते, असे मानण्याचा आपल्याला अधिकार नाही.

येथे एक भेद मात्र काटेकोरपणे करायला हवा. रंगाने काहीतरी कळणे वेगळे आणि रंगाने कोणी काही सांगणे वेगळे. आंबा पिवळा झाला की तो पिकला हे आपल्याला कळते, पण आंबा ते आपल्याला सांगत नसतो. १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास सूर्यग्रहणाचा अभ्यास करायला जान्सेन हे फ्रेंच खगोलज्ञ आंध्रातील गुंटूरला आले होते. त्या ग्रहणाच्या आणि त्याच वर्षीच्या पुढील निरीक्षणांतून सूर्यप्रकाशात एक पिवळी रेषा आढळली. ती कोणत्याही ज्ञात मूलद्रव्याशी जुळेना. तिच्यावरून हेलियमचा शोध लागला, आणि पृथ्वीवर तो वायू सापडायला १८९५ साल उजाडले. एवढी मोठी बातमी एका रंगाने दिली, तरी सूर्य आपल्याशी बोलला असे कोणी म्हणणार नाही. बोलण्यासाठी बोलणारा लागतो, आणि समोरच्याने आपल्याकडे पाहावे ही त्याची इच्छा लागते.

ही इच्छा रंगांतून प्रकट करणारे जीव शोधायला दूरच्या ग्रहावर जाण्याची गरज नाही. कोकणच्या मासळीबाजारात ज्याला माकूळ म्हणतात, त्याच्याच गोतावळ्यातील कटलफिश हा प्राणी घ्या. त्याच्या कातडीत रंगद्रव्याच्या अतिसूक्ष्म पिशव्या असतात. प्रत्येक पिशवीभोवती बारीक स्नायू असतात आणि त्या स्नायूंना मेंदूकडून थेट मज्जातंतू आलेले असतात. स्नायू आखडले की पिशवी ताणली जाऊन रंग पसरतो, सैल पडले की रंग ठिपक्याएवढा होतो. हे सारे सेकंदाच्या एका अंशात घडते. सरड्याचा रंग बदलायला वेळ लागतो. या प्राण्याचा रंग मेंदूच्या आज्ञेबरोबर बदलतो. ऑस्ट्रेलियाच्या किनाऱ्यावरील एका जातीविषयी २०१२ साली प्रसिद्ध झालेले निरीक्षण तर चकित करणारे आहे. तेथील नर एका बाजूला मादी आणि दुसऱ्या बाजूला प्रतिस्पर्धी नर असेल, तर मादीकडच्या अंगावर नराचे प्रणयाचे पट्टे उमटवतो आणि त्याच वेळी प्रतिस्पर्ध्याकडच्या अंगावर मादीचे रूप धारण करतो. म्हणजे तो रंगाने खोटे बोलतो, आणि कोणाशी खोटे बोलायचे हे पाहून बोलतो. जेथे खोटे बोलता येते तेथे बोलणे आहे, एवढे तरी मान्य करावे लागेल.

याहून आश्चर्याची गोष्ट पुढेच आहे. या प्राण्यांच्या डोळ्यांत प्रकाश टिपणारे द्रव्य एकाच प्रकारचे असते. माणसाच्या डोळ्यांत रंग ओळखणाऱ्या पेशी तीन प्रकारच्या असतात, म्हणून आपल्याला रंगांचे भेद कळतात. त्या हिशेबाने, इतक्या रंगांनी सजणारा हा प्राणी स्वतः रंगांध ठरतो. त्याचे रंग आपल्याला दिसतात तसे त्याला बहुधा दिसत नाहीत. छटा, चमक, आकृती यांतून तो आपले काम साधत असावा. आपण ज्याला त्याची रंगांची भाषा म्हणतो, ती त्याच्या लेखी कदाचित रंगांची नाहीच. दुसऱ्याचे बोलणे ऐकताना आपण आपल्याच इंद्रियांची मापे लावत असतो, याची इतकी स्पष्ट साक्ष दुसरीकडे क्वचितच मिळेल. २०२२ साली ब्रिटनने प्राण्यांच्या संवेदनक्षमतेविषयी कायदा केला, त्यात या प्राण्यांच्या संपूर्ण वर्गाचा समावेश केला. त्यांचे बोलणे समजले म्हणून हे घडले नाही. त्यांना दुःख होत असण्याची शक्यता पुरेशी बलवान वाटली, म्हणून घडले. न समजणाऱ्याशीही नीतीचे नाते जोडता येते, एवढे त्यावरून दिसते.

आता आपल्या परंपरेकडे वळू, कारण रंग आणि मन यांचा संबंध आपल्याकडे परका नाही. आपण 'राग' म्हणतो तो शब्द 'रंगणे' याच धातूतून आला आहे. अनुराग म्हणजे कोणाच्या तरी रंगात रंगणे, आणि विरक्त म्हणजे ज्याच्यावरचा रंग उतरला तो. भरताच्या नाट्यशास्त्रात प्रत्येक रसाला वर्ण सांगितला आहे : शृंगाराचा श्याम, हास्याचा पांढरा, करुणाचा पारव्यासारखा करडा, रौद्राचा लाल, अद्भुताचा पिवळा. जैन दर्शन याहून पुढे जाते. जीवाच्या भावांना तेथे लेश्या म्हणतात, आणि त्या सहा लेश्या कृष्ण, नील, कापोत, तेज, पद्म आणि शुक्ल अशा रंगांच्या क्रमाने सांगितल्या आहेत. जांभळाच्या झाडाखाली आलेल्या सहा भुकेल्या माणसांचा दृष्टांत प्रसिद्ध आहे. एकाला झाड मुळापासून तोडावेसे वाटते, दुसऱ्याला मोठी फांदी, तिसऱ्याला लहान डहाळी, आणि असे होत होत शेवटचा जमिनीवर पडलेली जांभळे वेचून तृप्त होतो. सहा जणांच्या मनांचे सहा रंग. मनाला रंग असतो ही कल्पना करायला आपल्या पूर्वजांना परग्रह लागला नाही.

तरीही आपल्या बोलीत रंगाविषयी एक संशय मुरलेला आहे. मैफल रंगते तेव्हा आपण सुखावतो. पण कोणी गोष्ट 'रंगवून' सांगितली की ती पुरती खरी नाही असे आपण समजतो. खरे ते शब्दांत, रंग मागाहून वर चढवलेला, अशी ही समजूत आहे. नाट्यशास्त्रातला वर्णही रसाचे नाव ठरल्यावर त्याला दिलेला आहे. रंग आपल्याकडे शब्दाच्या मागून चालतो. आमच्या तरुण मित्राच्या ग्रहावर हा क्रम उलटा आहे, आणि तेथेच आपली कल्पना अडखळते.

ज्येष्ठ सभासदांनी भर्तृहरीचे नाव घेतले होते. त्यांच्याच ग्रंथात वाणीच्या वैखरी आणि मध्यमा या रूपांपलीकडे आणखी एक रूप सांगितले आहे. तिचे नाव पश्यन्ती, म्हणजे पाहणारी. तेथे वाणीतला क्रम मिटलेला असतो. आधी आणि नंतर असे भाग पडलेले नसतात. संतवाङ्मयामुळे परेसकट चारही वाणींची नावे मराठी वाचकाच्या परिचयाची आहेत. पश्यन्ती म्हणजे रंगांची भाषा, असे म्हणण्याचे धाडस आम्ही करणार नाही. परंतु शब्दावाचून ज्ञान नाही असे म्हणणाऱ्या परंपरेनेच 'शब्द' या कल्पनेत क्रम नसलेल्या आणि पाहणाऱ्या वाणीला जागा ठेवली, हे विसरून चालणार नाही. शब्द हा वर्णाक्षरांपुरताच आहे, असे भर्तृहरीने म्हटलेले नाही. ते आपण त्याच्या तोंडी घालतो.

माणूस परक्या जीवाला हाक मारतो तेव्हा काय करतो, हे पाहण्यासारखे आहे. १९७७ साली अमेरिकेने दोन व्हॉयेजर याने अवकाशात सोडली. प्रत्येकावर सोन्याचा मुलामा दिलेली एक तबकडी आहे. तिच्यात ५५ भाषांतील अभिवादने आहेत आणि त्यांत एक मराठीत आहे. गोव्याच्या केसरबाई केरकरांची भैरवीही आहे. त्यातले पहिले यान २०१२ साली सूर्याच्या प्रभावक्षेत्राबाहेर पडले. म्हणजे मराठीतली ती सदिच्छा आज ताऱ्यांमधल्या पोकळीतून प्रवास करीत आहे. आपण पाठवलेला निरोप बहुतांशी आवाजाचा आहे. तो ज्याच्या हाती पडेल त्याला कान नसले, तर आपले अभिवादन म्हणजे तबकडीवरच्या खाचा. मात्र तबकडी तयार करणाऱ्यांना ही शंका शिवली असावी. तिच्यात शंभरहून अधिक चित्रेही आहेत, काही रंगीत आहेत, आणि त्यांत सूर्यप्रकाशाच्या वर्णपटाचे एक चित्र आहे. आपले रंग कोणते हे पाहणाऱ्याला जुळवून घेता यावे, म्हणून ते ठेवले आहे. आमच्या मते त्या तबकडीतील सर्वांत विनयशील गोष्ट हीच आहे. 'आम्ही असे बोलतो' हे सगळ्यांनीच सांगितले. 'तुम्हांला आम्ही कसे दिसतो हे आम्हांला ठाऊक नाही' हे त्या एका चित्राने सांगितले.

पण एवढ्या लांब तरी कशाला जावे? आनंद नगरातून निघाले तर दोन तासांच्या आत भीमबेटकाला पोचता येते. भोपाळपासून सुमारे ४५ किलोमीटरवर, रायसेन जिल्ह्यात, सातशेहून अधिक शैलाश्रय आहेत आणि त्यांतील कित्येकांच्या भिंतींवर गेरूच्या लाल आणि मातीच्या पांढऱ्या रंगात माणसे, हरणे, गवे, हत्ती आणि नाचणाऱ्यांच्या रांगा आहेत. १९५७ साली त्यांचा शोध लावला तो विष्णू श्रीधर वाकणकरांनी. नीमचला १९१९ साली जन्मलेला हा माळव्यातला मराठी माणूस. आगगाडीतून जाताना दूरवरचे खडक पाहून त्यांना तेथे काही असावे असे वाटले आणि ते शोधत गेले, अशी हकीकत सांगतात. २००३ साली हे स्थळ जागतिक वारशाच्या यादीत गेले.

त्या भिंतींसमोर उभे राहिले की त्या विज्ञानकथेतील प्रवाशांची आणि आपली स्थिती एकच होते. चित्रे काढणारे बोलत होतेच, पण त्यांच्या बोलण्याचा एकही शब्द आपल्यापर्यंत आलेला नाही. आले ते फक्त रंग. ते हरीण 'आम्ही मारले' असे सांगते, की 'मिळू दे' असे मागते, की 'याला मारू नये' असे बजावते? सांगता येत नाही. आणखी एक गोष्ट तेथे दिसते. कित्येक ठिकाणी जुन्या चित्रावरच नवे चित्र काढलेले आहे, त्यावर आणखी एक. शेजारी मोकळा खडक असतानाही असे का केले असेल? कदाचित पूर्वीच्या बोलण्याला ते उत्तर असेल, कदाचित नसेल. परंतु पूर्वीचे खरवडून काढलेले नाही. वाकणकरांचा मोठेपणा आम्हांला येथे दिसतो. वर्षानुवर्षे त्यांनी या चित्रांच्या हुबेहूब नकला उतरवल्या, थर मोजले, कोणता वर आणि कोणता खाली याची नोंद केली. अर्थ लागण्याची वाट पाहत त्यांनी हे काम थांबवून ठेवले नाही. आधी जे दिसते ते जपले.

याच शहरात दुसरे एक उदाहरण आहे आणि ते आम्हांला अस्वस्थ करते. १९८२ साली भोपाळमध्ये भारत भवन उभे राहिले. त्याच्या कलासंग्रहासाठी चित्रकार जगदीश स्वामिनाथन यांनी गावोगाव पाठवलेल्या मंडळींना पाटनगढ या खेड्यात जनगढसिंह श्याम हा तरुण भेटला. तो परधान गोंड होता. परधानांचे परंपरागत काम म्हणजे बाना हे वाद्य वाजवून गोंडांच्या देवांची आणि कुळांची गाणी गाणे. जनगढ भोपाळला आले, आणि जे पिढ्यान्‌पिढ्या गळ्यातून येत होते ते त्यांच्या हातून ठिपक्यांच्या आणि रंगांच्या रूपाने कागदावर उतरू लागले. त्यांच्या शैलीला पुढे जनगढ कलम असे नाव मिळाले. १९८९ साली त्यांची चित्रे पॅरिसच्या मोठ्या प्रदर्शनात लागली. भोपाळच्या विधान भवनाच्या भिंतींवरही त्यांचे काम आहे. २००१ साली जपानमध्ये काम करीत असताना त्यांनी आपले जीवन संपवले. त्या मृत्यूची कारणमीमांसा करण्याचा आम्हांला अधिकार नाही. पण विधान भवनावरून जाताना 'काय सुंदर रंग आहेत' असे म्हणणाऱ्यांत आम्हीही होतो. त्या भिंतीवर एक गाणे आहे, गाणाऱ्या कुळातल्या माणसाने ते तेथे ठेवले आहे, हे आम्हांला फार उशिरा कळले. इतकी वर्षे आम्ही त्या बोलण्याला शोभा समजत होतो.

आमच्या मते या साऱ्या प्रश्नाचे मर्म येथे आहे. परक्या भाषेत बोलणाऱ्याबाबत आपल्या हातून चूक होते ती त्याला शत्रू समजण्याची नव्हे. ती क्वचित होते. नेहमीची चूक त्याच्या बोलण्याला शोभा समजण्याची असते. शोभेला उत्तर द्यावे लागत नाही. तिचे कौतुक केले की आपले कर्तव्य संपते. तरुण मित्राच्या कथेतील प्रवासी दुष्ट नव्हते, रसिक होते. त्यांच्या रसिकतेनेच त्यांना बहिरे केले.

पण या चुकीला एक जुळी बहीण आहे, आणि ती आमच्या घरी घडली. दोन वर्षांपूर्वीच्या दिवाळीत मावशींनी उंबऱ्यापाशी मोठी रांगोळी काढली. तिच्यात लाल, जांभळा, हिरवा भरला आणि एका अंगाच्या चार पाकळ्या कोऱ्या ठेवून त्या उठल्या. थकल्या असतील, असे आम्हांला वाटले. घरात पाहुणे येणार होते. आमच्या सूनबाईंनी आमच्या सांगण्यावरून त्या चार पाकळ्यांत पिवळा रंग भरला. रांगोळी पुरी झाली, छान दिसू लागली. संध्याकाळी मावशी बाहेर आल्या. बराच वेळ रांगोळीकडे पाहत राहिल्या. मग आमच्याकडे पाहून म्हणाल्या, "बरं." त्यानंतर आठ दिवस त्यांनी रांगोळीच्या डब्याला हात लावला नाही.

त्या चार पाकळ्यांचा अर्थ काय होता, हे आम्ही सांगणार नाही, कारण तो आम्हांला माहीत नाही. त्या नकार असतील, कोणाची आठवण असेल, किंवा खरोखरच थकवा असेल आणि आठ दिवसांचा अबोला निव्वळ योगायोग असेल. ज्येष्ठ सभासद म्हणतील की तुम्ही रिकाम्या जागेला वाक्य समजत आहात. शक्य आहे. पण तेव्हापासून आम्ही तराजूच्या दोन पारड्यांचा विचार करीत आलो आहोत. नुसत्या शोभेला आपण बोलणे समजलो, तर आपला थोडा वेळ वाया जातो आणि कदाचित थोडे हसे होते. कोणाच्या बोलण्याला शोभा समजलो, तर बोलणाऱ्याचे सारे आयुष्य वाया जाते. ही दोन नुकसाने सारखी नाहीत. जेथे खात्री नाही तेथे कोणत्या बाजूला चुकावे, एवढे तरी आपल्या हाती आहे.

मात्र याचा अर्थ असा नव्हे की प्रत्येक रंगाचे आपण घाईघाईने भाषांतर करावे. पाकळ्या भरताना आम्ही मावशींकडे दुर्लक्ष करीत नव्हतो. आम्ही त्यांना मदत करीत होतो. त्यांना काय म्हणायचे आहे हे आम्हांला कळले आहे, अशी आमची समजूत होती. ऐकण्यात दोन गोष्टी येतात : समोर कोणी बोलत आहे असे धरून चालणे, आणि ते काय बोलत आहे हे आपल्याला कळले असे न धरणे. पहिली नसेल तर आपण त्या प्रवाशांसारखे होतो. दुसरी नसेल तर दुसऱ्याचे वाक्य आपणच पुरे करतो आणि वर त्याला सुंदर म्हणतो.

मागच्या बैठकीत आम्ही हे विचार बोलून दाखवले. ज्येष्ठ सभासदांनी ते शांतपणे ऐकून घेतले. शब्दाशिवाय विचार नाही हे आपले मत त्यांनी सोडलेले नाही, आणि ते तर्काने खोडून काढणे आम्हांलाही जमलेले नाही. पण निघताना उंबऱ्यापाशी ते थांबले. मावशींची त्या दिवशीची रांगोळी तशीच होती, एका बाजूला कोरी. त्यांनी चपला हातात घेतल्या, रांगोळीला वळसा घालून ते पायरी उतरले आणि खाली अंगणात जाऊन मग चपला घातल्या. दारात उभ्या असलेल्या मावशी म्हणाल्या, "बरं." त्यांनी वळून नमस्कार केला.